पडदे रंगवणाऱ्यांनी पडदा काढला

'संत तुकाराम' चित्रपटात तुकोबांची बायको आवली वहाण हातात घेऊन विठोबाला जाब विचारायला देवळात शिरते. त्या क्षणी आपण फक्त तिच्याकडे पाहतो. देवळाचे खांब दगडी की फळ्यांना रंग फासलेले, हा प्रश्न १९३६ सालच्या प्रेक्षकालाही पडला नसेल. तो पडू न देणं हीच शेख फत्तेलाल यांची कमाई. कागलला १८८६ साली जन्मलेल्या या माणसाला सिनेमाची दुनिया 'साहेबमामा' म्हणून ओळखायची.

त्यांची शाळा म्हणजे कोल्हापुरातल्या आनंदराव आणि बाबूराव पेंटर यांची सोबत. पेंटर बंधू नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत. १९१६ साली आनंदराव गेले. पुढे बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांच्या मदतीने कॅमेरा घडवला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. गंमत अशी, की हयात पडदे रंगवण्यात घालवलेल्यांनीच सिनेमातून रंगवलेला पडदा हद्दपार केला. नाटकाचा प्रेक्षक एका जागी बसतो, त्यामुळे कापडावरची खोटी खोली त्याला खपते. कॅमेरा मात्र जागा बदलतो, जवळ जातो; बाजूने उजेड पडला की कापडाची सुरकुतीही टिपतो. म्हणून मग भिंतीला जाडी हवी, खांबाला गोलाई हवी, दारातून माणूस खरोखर आत जाता यायला हवा.

रंगाचं गणित तर त्याहून अवघड. मूकपटांच्या सुरुवातीच्या काळातल्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे. लालभडक लुगडं पडद्यावर काळं, निळं आभाळ पांढरंफेक. म्हणजे नेपथ्यकाराने डोळ्यांसमोरचा रंग विसरून त्याची करडी छटा मनात पाहायची. चित्रकाराला याहून मोठा संयम कुठला?

१९२८च्या 'महारथी कर्ण'चं दिग्दर्शन दामले-फत्तेलाल जोडीने केलं. पुढच्याच वर्षी, १ जून १९२९ला, कोल्हापुरात 'प्रभात' फिल्म कंपनी निघाली. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचं, ध्वनी आणि यंत्रं दामल्यांकडे, कॅमेरा धायबरांचा, पैशांची बाजू सीतारामपंत कुलकर्ण्यांची, कला साहेबमामांची. पाच मालक, पण सेटवर हाताने राबणारे. त्यांचा 'अयोध्येचा राजा' १९३२चा. १९३३ला कंपनी पुण्याला आली.

१९३४च्या 'अमृतमंथन'मधलं चंडिकेचं मंदिर आणि 'संत तुकाराम'मधलं देहू शेजारी ठेवून पाहावं. पहिल्यात सगळं दडपून टाकणारं: अजस्र मूर्ती, काळोख, नट चंद्रमोहनचे डोळे. दुसऱ्यात दाखवण्यासारखं जवळजवळ काहीच नाही. दारिद्र्याने झिजलेलं घर, म्हैस, नदीकाठ. माझ्या मते दुसरं काम कठीण. भव्यता पाहून टाळ्या पडतात, पण साधं घर जरा चुकलं तरी गावाकडचा प्रेक्षक लगेच ओळखतो. याच साध्या गावात शेवटी वैकुंठाला नेणारं विमान उतरतं. घर खरं वाटलं नसतं, तर विमान निव्वळ हसं झालं असतं. मुंबईच्या 'सेंट्रल'मध्ये हा चित्रपट ५७ आठवडे चालला आणि १९३७ला व्हेनिसच्या महोत्सवातही त्याचा गौरव झाला.

मुसलमान माणसाने तुकोबा आणि मग १९४०ला ज्ञानोबा उभे केले, हे आज कौतुकाने सांगितलं जातं. पडद्यावर मात्र त्या कौतुकाचा मागमूस नाही. तिथे फक्त ओळखीचा ओटा आहे, ओळखीचा उंबरठा आहे.

दामले १९४५ला गेले. जोडनावाने ओळखल्या जाणाऱ्या माणसाचं अर्धं नाव गेलं की काय उरतं, कोण जाणे. १९५३ला 'प्रभात' बंद पडली. साहेबमामांनी १९५५ला 'जगद्गुरू शंकराचार्य' दिग्दर्शित केला. १९६४ला ते गेले. तोवर 'प्रभात'च्या आवारात फिल्म इन्स्टिट्यूट सुरू होऊन चार वर्षं झाली होती. जुन्या स्टुडिओत आजही विद्यार्थी फळ्या ठोकून घरं उभी करतात, चित्रण संपलं की मोडतात आणि खिळे उपटून त्याच फळ्या पुढच्या घराला लावतात.