चेळगावब आणि चिपाणीन

आपल्या लहानपणी बेळगावचे ‘चेळगावब’ आणि निपाणीचे ‘चिपाणीन’ व्हायचे. ही ‘च’ची भाषा, मुलांनी मुलांसाठी केलेली.

नियम सोपा आहे. शब्दाच्या पहिल्या अक्षरातले व्यंजन काढून तिथे ‘च’ घालायचा, काना-मात्रा तशीच ठेवायची आणि काढलेले अक्षर शेवटी जोडायचे. पाणी होते ‘चाणीप’, भाकरी ‘चाकरीभ’. इंग्रजी मुलांच्या पिग लॅटिनमध्येही पहिले व्यंजन असेच शेवटी जाते.

खेळातल्या इतर शब्दांची तर जादूच. ‘टाइम प्लीज’ म्हटले की पाठलाग थांबतो. ‘लिंबूटिंबू’ ठरलेल्या धाकट्यावर राज्य येत नाही. लपाछपीत मागून ‘धप्पा’ बसला की राज्य घेणाऱ्यावर पुन्हा राज्य. अंगणात बोलले तेच खरे होते, कारण ते सगळ्यांनी मानलेले असते.

सीमाभागातील आपली बरीच मुले आज इंग्रजी माध्यमात शिकतात. घरी मराठी बोलतात, पण वाचताना अडखळतात. ‘च’ची भाषा बोलताना शब्दातले व्यंजन आणि स्वर कानाने वेगळे करावे लागतात. पाटी-पुस्तकाशिवाय होणारा हा बाराखडीचा सरावच आहे.

ही भाषा मोठ्या मुलांकडून धाकट्यांकडे जाते. मधली एक पिढी गप्प राहिली की संपते. म्हणून या सुट्टीत घरातल्या मुलांना ती शिकवा. शेजारच्या कन्नड मुलांनाही खेळात घ्या. त्यांच्या ‘नीरु’चेही ‘चीरुन’ होते!