पिस्तुलाचें म्यान

पोलादपूरनजीकचें उमरठ हें तानाजी मालुसरे यांचें गांव. तेथील समाधीसमोर उभें राहिलें, म्हणजे तलवार आठवते. म्यान कोणास आठवत नाहीं. पण शस्त्र बहुतेक काळ म्यानांतच असतें. होल्स्टर हें पिस्तुलाचें म्यानच होय.

परवानाधारकानें तें आपल्याच पिस्तुलाच्या मापाचें घ्यावें. चाप पूर्ण झांकला जावा, पिस्तूल काढल्यावरहि तोंड मिटूं नये, आणि कमरपट्टा रुंद व ताठ असावा. निशाणबाजीच्या मैदानावर साधें होल्स्टर चालेल. गर्दींत मात्र पिस्तूल अडकवून ठेवणारा बंद हवाच. २०१६ च्या शस्त्र नियमांप्रमाणें सार्वजनिक जागीं शस्त्र पूर्ण झांकलेलें असलें पाहिजे. पिस्तूल परत ठेवतांना बोट चापापासून दूर असावें, दृष्टि होल्स्टरकडे असावी, व घाई मुळींच करूं नये. सदऱ्याचें टोंक आंत अडकलें, तरी चाप दाबला जाऊं शकतो.

महाड-पोलादपुराकडे पावसाळ्यांत चामडें ओल धरतें आणि पोलाद गंजतें. म्हणून घरीं आल्यावर पिस्तूल रिकामें करून, पुसून, होल्स्टरबाहेर कुलुपांत ठेवावें. घरांत मुलें असतात, एवढें एकच कारण त्यास पुरेसें आहे.