अपक्ष : कोणापासून आणि कशासाठी? जो मोकली यांची 1972 ची निवडणूक

प्रतिनिधी या कल्पनेवर आपण बोलतो आहोत. आज एक शब्द घेऊ या : अपक्ष. निवडणूक आली की हा शब्द आपल्या कानावर सतत पडतो. पण अपक्ष म्हणजे नक्की काय? ज्याला पक्ष नाही तो? की ज्याला पक्षानं तिकीट दिलं नाही तो? की ज्याला कुठलीच बाजू नाही तो? या तिन्ही गोष्टी वेगळ्या आहेत, बरं का, आणि आपण त्या एकाच शब्दात कोंबतो. त्या सुट्या करण्यासाठी मी अमेरिकेतलं एक उदाहरण घेतलंय. राज्याच्या विधिमंडळात वर्षानुवर्षं काम केलेला एक राजकारणी अपक्ष म्हणून काँग्रेसच्या निवडणुकीला उभा राहिला आणि निवडून आला. (इथे काँग्रेस म्हणजे अमेरिकेची संसद, आपल्याकडचा पक्ष नव्हे.) त्यांचं नाव जॉन जोसेफ मोकली. सगळे त्यांना जो मोकली म्हणत.

मोकलींचा जन्म 1927 चा, बोस्टन शहरातल्या साउथ बोस्टनमधला. ही आयरिश कामगारांची जुनी वस्ती. दुसऱ्या महायुद्धात ते कोवळ्या वयात नौदलात गेले, परत आल्यावर पुढे कायद्याची पदवी घेतली. 1952 साली मॅसॅच्युसेट्स राज्याच्या कनिष्ठ सभागृहावर निवडून आले, अर्थातच डेमोक्रॅटिक पक्षाकडून. 1960 साली त्यांनी एक धाडस केलं. राज्याच्या सिनेटचे अध्यक्ष जॉन पॉवर्स यांनाच आव्हान दिलं आणि हरले. मग 1964 साली सिनेटवर निवडून आले. बोस्टनच्या बंदरातली बेटं राज्यानं विकत घेऊन लोकांसाठी राखावीत, यासाठी त्यांनी कायदा पुढे नेला. थोडक्यात, माणूस मुरलेला आणि पक्षातलाच.

1970 साली त्या मतदारसंघाचे खासदार आणि सभागृहाचे सभापती जॉन मॅककॉर्मॅक निवृत्त झाले. चाळीसेक वर्षांनी जागा मोकळी झाली. मोकली उभे राहिले आणि पक्षाच्या प्राथमिक निवडणुकीत, म्हणजे प्रायमरीत, हरले. हरवलं लुईझ डे हिक्स यांनी.

हिक्सबाई कोण होत्या, ते समजल्याशिवाय पुढचं कळणार नाही. त्या बोस्टनच्या शाळा समितीच्या अध्यक्ष होत्या. 1965 साली मॅसॅच्युसेट्सनं कायदा केला : ज्या सरकारी शाळेत निम्म्याहून अधिक मुलं गोरेतर आहेत, तिथला वांशिक असमतोल दूर केला पाहिजे. हिक्स यांनी त्याला कडाडून विरोध केला आणि त्या विरोधाचा चेहरा बनल्या. मॅसॅच्युसेट्समधून काँग्रेसवर गेलेल्या त्या पहिल्या डेमोक्रॅट महिला, हेही नोंदवायला हवं. त्यांचा मतदार पक्का होता. मागे हटणारा नव्हता.

आता बघा, इथे खरी गंमत आहे. आपल्याकडे तिकीट पक्षाचे नेते देतात. अमेरिकेत ते मतदार प्रायमरीत ठरवतात, आणि बहुतेक राज्यांत ज्याला सर्वांत जास्त मतं तो जिंकला, निम्मी मिळाली नाहीत तरी. एक काल्पनिक आकडेमोड करू. शंभर मतदार आहेत. चाळीस जण एका उमेदवाराचे कट्टर. उरलेले साठ त्याच्या विरोधात, पण ते तिघांत वाटले गेले : पंचवीस, वीस, पंधरा. जिंकतो कोण? चाळीसवाला. साठ लोकांना जो नको होता तोच! अठराव्या शतकात कोंदोर्से या फ्रेंच तत्त्वज्ञानं हे गणिताच्या अंगानं मांडलं : बहुसंख्यांची इच्छा आणि मतमोजणीचा निकाल या दोन गोष्टी वेगळ्या निघू शकतात.

1970 च्या प्रायमरीत असंच झालं. हिक्सविरोधी मतं विभागली गेली. 1971 साली मोकली बोस्टनच्या नगर परिषदेवर निवडून आले. तिथल्या निवडणुका पक्षचिन्हावर होत नाहीत. 1972 ची काँग्रेसची निवडणूक आली, तेव्हा त्यांच्यापुढे दोन दरवाजे होते. पहिला पुन्हा प्रायमरीचा. तिथे पुन्हा अनेक उमेदवार, पुन्हा तीच वाटणी. दुसरा दरवाजा म्हणजे प्रायमरी सोडून थेट नोव्हेंबरच्या निवडणुकीत अपक्ष म्हणून उतरायचं. तिथे मतदार जास्त, रिपब्लिकन आणि कुठल्याच पक्षात नाव न नोंदवलेलेही येणार. त्यांनी दुसरा निवडला.

यात जोखीम होती. अमेरिकेतल्या बहुतेक राज्यांत असा नियम आहे, की प्रायमरीत हरलेल्याला त्याच वर्षी अपक्ष म्हणून उभं राहता येत नाही. म्हणजे आधी पक्षात नशीब अजमावतो, जमलं नाही तर बंडखोरी करतो, असं चालत नाही. पक्षाची चौकट सोडायची तर हरण्याआधी सोडायची. आपल्याकडच्या बंडखोराहून मोकली इथे वेगळे ठरतात. त्यांना कुणी तिकीट नाकारलं नव्हतं. त्यांनी ते मागितलंच नाही.

नोव्हेंबरमध्ये हिक्स डेमोक्रॅट म्हणून, एक रिपब्लिकन उमेदवार आणि मोकली अपक्ष अशी लढत झाली. मोकली थोडक्या फरकानं जिंकले. पण त्यांनाही निम्मी मतं मिळाली नव्हती, हे विसरू नका. ज्या पद्धतीनं 1970 साली ते हरले, तीच 1972 साली त्यांच्या कामी आली.

आणि जानेवारी 1973 मध्ये शपथ घेताना ते पुन्हा डेमोक्रॅटिक पक्षात गेले.

इथे तुम्ही म्हणाल, मग ही फसवणूक नाही का? अपक्ष म्हणून मतं घेतली आणि पक्षात जाऊन बसले! हा प्रश्न हलका नाही. आपल्या राज्यघटनेनं त्याचं सरळ उत्तर दिलंय. 1985 साली 52 वी घटनादुरुस्ती होऊन दहावं परिशिष्ट आलं. त्यानुसार अपक्ष म्हणून निवडून आलेला सदस्य नंतर कुठल्याही पक्षात गेला तर अपात्र ठरतो. 1995 साली महाराष्ट्र विधानसभेत 45 अपक्ष निवडून आले, त्यात काँग्रेसचे बंडखोर बरेच. युती सरकारला त्यांतल्या अनेकांचा आधार मिळाला. पाठिंबा द्यायला कायद्याची आड नव्हती, पक्षप्रवेशाला होती. मोकलींनी जे केलं ते आज भारतात केलं असतं, तर खासदारकी गेली असती.

या नियमामागचं कारण मला पटतं. ज्यानं 'कुठलाच पक्ष नको' म्हणून मत दिलं, त्याचं मत परस्पर दुसऱ्याच्या पदरात घालता येऊ नये. पण कायद्याला प्रवेशाची कृती दिसते, मतदार फसला की नाही हे दिसत नाही. मोकली वीस वर्षं डेमोक्रॅट म्हणून ओळखले जात होते, हे साउथ बोस्टनमध्ये कुणाला ठाऊक नव्हतं? त्यांच्या अपक्षपणाचा अर्थ 'मला पक्ष नको' असा नव्हता. 'या दरवाजातून येणार नाही' एवढाच होता. शिवाय तिथे खासदाराची मुदत दोनच वर्षांची. 1974 साली ते डेमोक्रॅट म्हणून लोकांपुढे गेले, आणि लोकांनी त्यांना पुन्हा पाठवलं. पुढे 2001 साली मृत्यू होईपर्यंत पाठवत राहिले.

आता प्रश्नाची दुसरी बाजू : अपक्ष कशासाठी? 1774 साली एडमंड बर्कनं ब्रिस्टलच्या मतदारांना सांगितलं होतं, की प्रतिनिधी हा निरोप्या नव्हे. त्याची विवेकबुद्धीही मतदारांच्या सेवेत असते. हे स्वातंत्र्य मोकलींनी वापरलं का? वापरलं, पण पक्षात राहून.

बोस्टनमधल्या एल साल्वादोरच्या निर्वासितांचा प्रश्न 1980 च्या दशकात त्यांच्याकडे आला, आणि त्यांना तात्पुरतं संरक्षण मिळावं म्हणून ते वर्षानुवर्षं झगडले. 1990 च्या कायद्यात ते संरक्षण आलं. त्याआधी, 16 नोव्हेंबर 1989 रोजी एल साल्वादोरच्या सैनिकांनी सहा जेझुइट धर्मगुरू, त्यांच्याकडे काम करणारी बाई आणि तिची मुलगी यांची हत्या केली. त्या सैन्याला अमेरिकेचा पैसा जात होता. सभापती फोली यांनी चौकशीसाठी गट नेमला, त्याचे प्रमुख मोकली. गुन्हा करणारे सैन्यातलेच आहेत आणि तपास दडपला जातोय, हे त्यांनी आपल्याच सरकारच्या मित्राबद्दल उघडपणे मांडलं. 1990 साली काँग्रेसनं एल साल्वादोरची लष्करी मदत निम्म्यावर आणली.

हे अपक्ष राहून जमलं असतं का? अवघड होतं. तिथे समित्यांची वाटणी पक्षांमार्फत होते. मोकली 1989 पासून नियम समितीचे अध्यक्ष होते, म्हणून त्यांच्या शब्दाला वजन होतं. पक्षानं त्यांना खुर्ची दिली. त्या खुर्चीवर बसून काय बोलायचं, ते त्यांनी ठरवलं.

भारतीय न्यायशास्त्रात 'पक्ष' या शब्दाचा एक पारिभाषिक अर्थ आहे. ज्याच्याविषयी काही सिद्ध करायचं असतं, तो पक्ष. 'पर्वतावर अग्नी आहे' या अनुमानात पर्वत हा पक्ष. त्या अर्थानं बघितलं, तर अपक्ष उमेदवार स्वतःच पक्ष होतो. मागे संघटना नाही, जाहीरनामा बांधील नाही. जे काही सिद्ध व्हायचं, ते त्याच्यावरच आणि निवडून आल्यानंतर.

तेव्हा पुढच्या वेळी अपक्षाचा अर्ज दिसला की तीन गोष्टी विचारा. यानं कुठला दरवाजा टाळला? हरण्याआधी टाळला की हरल्यानंतर? आणि आत गेल्यावर कोणाबरोबर बसणार, हे मत मागताना सांगतोय का? मतदान मात्र ही उत्तरं मिळाल्यावर करा.

पुढच्या व्याख्यानात पक्षाचा व्हिप आणि सदस्याची विवेकबुद्धी यांच्याकडे वळू. तोवर तुमचे प्रश्न पाठवा.