भातामागचा हट्टी मास्तर

‘हे होणारच नाही,’ असं सगळे म्हणत असताना तुम्ही किती वर्षं टिकाल? चीनचे युआन लाँगपिंग टिकले! हुनानमधल्या कृषी शाळेत शिकवणाऱ्या युआन सरांनी १९६०च्या सुमारास भूकबळी पाहिले. भाताच्या एकाच फुलात नर-मादी दोन्ही भाग, म्हणून संकर अवघड. उपाय एकच, नर-वंध्य रोप! १९६४पासून भर उन्हात ते लोंब्या तपासत राहिले. अखेर १९७०मध्ये हैनान बेटावर सहकाऱ्यांना तसं जंगली रोप सापडलं. १९७३मध्ये संकरित भात तयार झाला, उत्पादन सुमारे वीस टक्क्यांनी वाढलं. २००४मध्ये त्यांना वर्ल्ड फूड प्राइज मिळालं. २०२१मध्ये, नव्वदाव्या वर्षी ते गेले. शेत शेवटपर्यंत सुटलं नाही. तेव्हा दोस्तहो, ‘यात काय स्कोप?’ असं कुणी विचारलं, तर हा मास्तर आठवा.