रिकामी दिसणारी वाट

नाशकाहून पुण्यास मोटारीनें जाणारा माणूस सिन्नर, संगमनेर, नारायणगांव, राजगुरुनगर, चाकण अशीं गांवें मागें टाकीत भोसरीच्या पुढें येतो, तेव्हां त्याला एका ठिकाणीं आपल्याच गांवाचें नांव भेटतें. तें ठिकाण म्हणजे नाशिक फाटा. येथून वाकडकडे जाणाऱ्या रस्त्यावर २०१५ सालीं केवळ बसगाड्यांसाठीं राखून ठेवलेला मार्ग सुरू झाला. आणि याच फाट्यावरून जाणाऱ्या जुन्या मुंबई-पुणें रस्त्यावर दापोडी ते निगडी असा दुसरा मार्ग २०१८ सालीं सुरू झाला. ज्याला या प्रकाराची सवय नाहीं, त्या चालकास तेथें एक चमत्कारिक दृश्य दिसतें. मोटारी, दुचाकी, रिक्षा आणि मालमोटारी एकमेकींना खेटून उभ्या आहेत, आणि शेजारींच कठड्यापलीकडे एक अख्खी वाट मोकळी पडली आहे! मनांत पहिला विचार येतो तो असा कीं, एवढी जागा वायां कां घालविली? दुसरा विचार असा कीं, पुढें कोणी पोलीस तर दिसत नाहीं. पहिल्यापासून दुसऱ्यापर्यंत जाण्यास फारसा वेळ लागत नाहीं.

यांतील पहिला विचार नीट तपासून पाहण्यासारखा आहे. कारण राखीव बसमार्गाचे बहुतेक नियम त्याच्या उत्तरांतूनच निघतात. समजा, एका मार्गावरून दर मिनिटाला एक बस जाते आणि तिचा वेग ताशीं ३० किलोमीटर आहे. मग दोन बसगाड्यांमध्यें अर्ध्या किलोमीटरचें अंतर राहील. बसची लांबी सुमारें १२ मीटर असते. रस्त्याच्या कडेला उभ्या असलेल्या माणसासमोरून ती दीड सेकंदांत निघून जाईल. म्हणजे मिनिटांतील अठ्ठावन्न सेकंद त्या माणसाला समोरची वाट ओसाडच दिसेल. आणि तरीहि, प्रत्येक बसमध्यें पन्नास माणसें धरलीं, तर तासाभरांत त्या ओसाड वाटेवरून तीन हजार माणसें गेलेलीं असतील. आतां शेजारच्या गच्च भरलेल्या वाटेचा हिशेब मांडावा. शहरांतील सिग्नल आणि वळणें सांभाळून एका पट्ट्यांतून तासाला हजार मोटारी गेल्या, तरी ती रहदारी चांगलीच वाहिली असें म्हणावें लागेल. मोटारींत माणसें बहुधा एक किंवा दोन. हजार मोटारींतून फार तर दीड हजार माणसें गेलीं. म्हणजे जी वाट भरलेली दिसते तिनें निम्मीं माणसें नेलीं, आणि जी रिकामी दिसते तिनें दुप्पट! डोळ्यांना वाहनें मोजतां येतात. त्यांतील माणसें मोजण्याचें काम त्यांना जमत नाहीं.

अर्थात् हें गणित दर मिनिटाला बस येत असेल तरच खरें. वीस वीस मिनिटांनीं एखादी बस येत असेल, तर तासाला दीडशेंच माणसें त्या वाटेनें जातील, आणि शेजारीं ताटकळणाऱ्या मोटारवाल्याची तक्रार न्याय्य ठरेल. मार्ग राखून ठेवणाऱ्यानें बसगाड्याहि पुरेशा सोडल्या पाहिजेत, हा या व्यवहाराचा दुसरा अर्धा भाग होय. आणि तोच पुष्कळदां विसरला जातो.

एकटी एक मोटार त्या वाटेंत शिरली, तर काय बिघडलें? मोकळ्या रस्त्यावर फारसें बिघडत नाहीं. बिघाड होतो तो चौकांत. एकीच्या मागून दुसरी अशा आठ-दहा मोटारी शिरतात आणि सिग्नलपाशीं बसच्या पुढें उभ्या राहतात. हिरवा दिवा लागतो, मोटारी निघतात, बस रेषेपर्यंत येते न येते तोंच दिवा पुन्हा तांबडा होतो. बसला मिनिट-दीड मिनिट उशीर झाला. पुढच्या थांब्यावर तेवढ्या वेळांत आणखी माणसें जमलेलीं असतात. त्यांना चढण्यास वेळ लागतो. बस आणखी मागें पडते. तिच्या मागून येणाऱ्या बसला मात्र थांब्यावर माणसेंच भेटत नाहींत, म्हणून ती भराभर पुढें येते आणि पहिलीला गांठते. निमाणीला किंवा नाशिकरोडला ज्यांनीं अर्धा तास बसची वाट पाहिली आहे आणि मग एकदम दोन बसगाड्या पाठोपाठ आलेल्या पाहिल्या आहेत, पहिली चेंगरून भरलेली आणि दुसरी जवळ जवळ रिकामी, त्यांना हा प्रकार ठाऊक आहे. त्याचा दोष बहुधा वेळापत्रक लावणाऱ्याच्या माथीं मारला जातो. त्याचें मूळ पुष्कळदां दोन मैल मागें, एखाद्या चौकांत असतें.

कायद्याची बाजू थोडक्यांत सांगतां येईल. केवळ रस्त्यावर रंग ओढल्यानें मार्ग राखीव होत नाहीं. मोटार वाहन कायदा, १९८८ याच्या ११५ व्या कलमान्वयें राज्य सरकार किंवा त्यानें अधिकार दिलेली संस्था सार्वजनिक सुरक्षिततेसाठीं किंवा सोयीसाठीं एखाद्या रस्त्यावर ठराविक जातीच्या वाहनांस मनाई करूं शकते. ११६ व्या कलमाखालीं तशा पाट्या लागतात. आणि आज्ञार्थी पाटी पाळणें हें ११९ व्या कलमानें प्रत्येक चालकाचें कर्तव्य आहे. ज्या अपराधास वेगळी शिक्षा सांगितलेली नाहीं, त्यासाठीं १७७ वें कलम आहे. त्यांतील दंडाची मर्यादा मूळची १०० रुपये होती. २०१९ च्या दुरुस्तीनें ती पहिल्या वेळीं ५०० आणि पुन्हां घडल्यास १,५०० रुपये झाली. येथें घरांतील वडील मंडळींनीं एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. छायाचित्रावरून निघणारें इ-चलन हें वाहन ज्याच्या नांवावर नोंदलेलें आहे त्याच्याकडे येतें. गाडी मुलानें घातली, निरोप मात्र वडिलांच्या दूरध्वनीवर!

आतां प्रत्यक्ष चालविण्याचे नियम पाहूं गेल्यास सर्वांत आधीं रेषा ओळखली पाहिजे. अखंड रेषा म्हणजे भिंत समजावी. तुटक रेषा असेल तेथें ती ओलांडतां येते. पण ती वळण्यासाठीं किंवा शेजारच्या आवारांत शिरण्यासाठीं, पुढें सरकून चार मोटारी मागें टाकण्यासाठीं नव्हे. नंतर ‘बस’ या शब्दाचा अर्थ. शाळेची बस, कारखान्याची बस, लग्नाचें वऱ्हाड नेणारी बस, या सर्व आकारानें बसच आहेत; परंतु राखीव मार्ग वाहनाच्या आकाराला दिलेला नसून सार्वजनिक सेवेला दिलेला असतो. पुण्यांत ती सेवा पुणें महानगर परिवहन महामंडळाची. पाटीवर किंवा अधिसूचनेंत ज्या वाहनाचें नांव नाहीं, त्यानें आपल्याला परवानगी आहे असें गृहीत धरूं नये. रिक्षावाला प्रवासी नेतो म्हणून, किंवा दुचाकी फारशी जागा घेत नाहीं म्हणून, त्यांना सूट मिळत नाहीं.

दुचाकीस्वारांचा हा युक्तिवाद ऐकण्यास सर्वांत गोड आणि परिणामीं सर्वांत घातक आहे. मध्यभागच्या थांब्याकडे जाणारा प्रवासी मोटारींचा पट्टा ओलांडतो तेव्हां त्या बहुधा तुंबून उभ्या असतात. त्यांच्यामधून तो वाट काढतो आणि बसमार्गाच्या कडेशीं येतो. तेथें त्याची नजर कोणाला शोधीत असते? बसला. बस मोठी असते, लांबून दिसते, आणि ती थांब्यापाशीं वेग कमी करणार हें त्याला माहीत असतें. उभ्या मोटारींच्या आडून भरधांव येणारी दुचाकी त्याच्या हिशेबांतच नसते. हातीं पिशवी घेतलेली वृद्ध बाई असो कीं शाळेंतून परतणारें मूल असो, पाऊल पुढें पडतें तें वाट रिकामी आहे असें पाहूनच. राखीव वाटेंत परकें वाहन शिरण्याचा खरा धोका दंडाच्या पावतीपेक्षां येथें अधिक आहे.

दुसरी नाजूक जागा म्हणजे उजवें वळण. आपल्याकडे रहदारी डाव्या बाजूनें चालते. बसमार्ग रस्त्याच्या मध्यभागीं असला, तर तो मोटारचालकाच्या उजव्या हाताला येतो. साध्या रस्त्यावर उजवीकडे वळणारा चालक समोरून येणाऱ्या वाहनांकडे पाहतो, कारण धोका तिकडूनच असतो. येथें मात्र धोका पाठीमागून, त्याच्याच दिशेनें सरळ जाणाऱ्या बसकडूनहि असतो. आणि वर्षानुवर्षांची संवय त्याला मागें पाहूं देत नाहीं. म्हणून अशा चौकांत वळण्याचा दिवा स्वतंत्र असेल तर त्यावांचून वळूं नये, उजव्या बाजूचा आरसा पाहिल्यावांचून चाक फिरवूं नये, आणि चौक ओलांडण्यास पुढें जागा नसेल तर बसच्या वाटेंत आडवें उभें राहूं नये. मध्येंच कठडा तुटलेला सांपडला म्हणून तेथून परत फिरणें हें तर सर्वस्वीं वर्ज्य होय.

चुकून एखादा चालक आंत शिरलाच, तर त्यानें काय करावें? मागें घेण्याचा प्रयत्न करूं नये. मागून येणाऱ्या बसचालकास तें अपेक्षित नसतें. थांबूं नये, कारण कठड्यांच्या मध्यें सांपडलेल्या बसला बाजूस सरकण्याची सोयच नसते. सावकाश पुढें जावें, थांब्यापाशीं पादचाऱ्यांना वाट द्यावी आणि पहिल्या चौकांत बाहेर पडावें. एखादी ‘एकशें आठ’ची रुग्णवाहिका मागून आली, तर ही गोष्ट आणखीच तांतडीची होते. तुंबलेल्या रस्त्यावर तिच्यासाठीं उरलेली एकच वाट ती असते. रुग्णवाहिकेस वाट न देणें हा १९४-ई कलमाखालीं वेगळा अपराध असून त्यास सहा महिन्यांपर्यंत कैद, दहा हजार रुपये दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊं शकतात.

बसचालकावरहि बंधनें आहेत. वाट आपली म्हणून वेग वाढविण्याची मुभा त्याला नाहीं. सिग्नल त्यालाहि तितकाच लागू आहे. मध्यभागच्या थांब्यांसाठीं पुण्यांत उजव्या बाजूलाहि दारें असलेल्या बसगाड्या आणल्या आहेत. त्या फलाटाला अगदीं लागून उभ्या केल्या नाहींत, तर मधल्या फटींत पाय जाण्याची भीति असते. राखीव मार्ग सोडून बस साध्या रस्त्यावर येते त्या तोंडाशीं तर दोन्हीकडील चालकांनीं एकमेकांची दखल घेतलीच पाहिजे.

ब्राझीलमधील कुरितिबा शहरानें १९७४ सालीं बसला स्वतंत्र वाट दिली, आणि तेथून ही कल्पना जगभर गेली. आपल्याकडे तिचें नशीब इतकें सरळ नाहीं. पुण्यांत कात्रज-स्वारगेट-हडपसर हा पहिला प्रयोग २००६ च्या अखेरीस झाला. २०१५ पासून अधिक चांगले बांधलेले मार्ग आले, आणि तरीहि नगर रस्त्यावरील मार्गाचा कांहीं भाग २०२३ मध्यें उखडण्यांत आला. दिल्लींत अंबेडकरनगर ते मूलचंद हा जेमतेम सहा किलोमीटरांचा मार्ग २००८ मध्यें सुरू झाला. त्याविरुद्ध मोटारवाल्यांच्या बाजूनें झालेली याचिका उच्च न्यायालयानें २०१२ मध्यें फेटाळली. पण २०१६ मध्यें सरकारनेंच तो मोडला. या सर्वांचा दोष एकट्या चालकांवर टाकणें बरोबर होणार नाहीं. कोठें थांबे गैरसोयीचे होते, कोठें मार्ग मध्येंच तुटत होता. तथापि बसच्या वाटेंत रोज मोटारी शिरूं लागल्या कीं बसचा वेळ वाचत नाहीं. वेळ वाचला नाहीं कीं प्रवासी वाढत नाहींत. आणि मग ‘हा मार्ग कोणाच्याच उपयोगाचा नाहीं’ असें म्हणणारे बहुधा आंत शिरणारेच असतात.

नाशकास ही चर्चा परकी वाटण्याचें कारण नाहीं. शहराची बससेवा राज्य परिवहन महामंडळाकडून महापालिकेकडे आली आणि जुलै २०२१ मध्यें ‘सिटीलिंक’ या नांवानें सुरू झाली. त्याच वर्षीं केंद्राच्या अर्थसंकल्पांत नाशिकच्या मेट्रोसाठीं २,०९२ कोटी रुपयांची घोषणा झाली होती. तींतील कल्पना रबरी चाकांच्या, विजेच्या तारेखालून उंच पुलावर धांवणाऱ्या गाड्यांची, म्हणजे एका अर्थीं उचलून धरलेल्या बसमार्गाचीच होती. त्या स्वरूपांत ती उभी राहिली नाहीं. रविवार कारंजा किंवा मेन रोड येथें वाट राखून ठेवण्याची कल्पनाहि कोणी करणार नाहीं; तेथें चालणाऱ्यालाच जागा नाहीं. प्रश्न उद्भवेल तो द्वारकेपासून नाशिकरोडकडे जाणाऱ्या किंवा त्र्यंबकेश्वराकडे जाणाऱ्या रुंद रस्त्यावर.

आणि तात्पुरत्या स्वरूपांत तो नाशिककरांनीं अनुभवलाहि आहे. २०१५ च्या सिंहस्थांत खासगी वाहनें शहराबाहेरच्या वाहनतळांवर थांबविण्यांत आलीं आणि तेथून भाविकांना एस. टी. नें आणण्यांत आलें. २०२७ च्या पर्वण्यांनाहि रस्त्यांवर मनाई-हुकूम निघणारच. त्या वेळीं ११५ व्या कलमाचा एक बारकावा उपयोगी पडेल. एक महिन्याहून अधिक काळ चालणारा निर्बंध राजपत्रांत प्रसिद्ध करावा लागतो. त्याहून कमी मुदतीच्या निर्बंधास स्थानिक प्रसिद्धि पुरेशी असते. त्यामुळें कोणता रस्ता कोणत्या दिवशीं फक्त बससाठीं आहे, हें गाडी बाहेर काढण्यापूर्वीं त्या दिवशींच्या वर्तमानपत्रांत आणि चौकांतील पाटीवर पाहून घ्यावें लागेल.