आकाशात आपले कोण?

गेल्या एप्रिलमधील गोष्ट. जयंतीची तयारी चालू होती. वस्तीतील अभ्यासिकेच्या गच्चीवर मुले पताका बांधत होती आणि नेमकी वीज गेली. रोषणाईच्या माळा विझल्या, सारी वस्ती अंधारात बुडाली आणि डोक्यावरचे आकाश उघडे झाले. बी.एस्सी.ला शिकणाऱ्या एका मुलीने उत्तरेकडे बोट करून लहान पोरांना सप्तर्षी दाखवले. एकेकाचे नाव सांगितले. क्रतू, पुलह, पुलस्त्य, अत्री, अंगिरा, वसिष्ठ, मरीची. मग आमच्याकडे वळून ती म्हणाली, "काका, सातही ऋषी त्यांचेच. आकाशातसुद्धा आपले कोणी नाही का?"

मुले हसली. आम्हीही हसलो. पण प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. उत्तर हाताशी नसताना वकिलाने तोंड उघडू नये, म्हणून त्या रात्री आम्ही गप्प राहिलो. नंतर पुस्तके चाळली, जाणकारांना विचारले. त्या मुलीला जे सांगितले, तेच आज वाचकांपुढे ठेवत आहोत.

पहिली गोष्ट अशी की नाव देणारा कोण, यावर नाव ठरते. ज्यांच्या हाती पोथी होती त्यांनी त्या सात ताऱ्यांना ऋषी म्हटले. विदर्भातील गोंड बांधवांना तिथे ऋषी दिसले नाहीत. त्यांना त्यातील चार ताऱ्यांची खाट दिसली आणि मागचे तीन तारे म्हणजे ती खाट चोरायला आलेले तीन चोर. म्हणजे जो पोथीत अंगिरा ऋषी, तोच गोंडांच्या गोष्टीत चोर! ताऱ्याला दोन्हीचे सोयरसुतक नाही.

पण हा अंगिरा खरोखरच वेगळा तारा आहे. पाश्चात्त्य खगोलशास्त्रात त्याला अ‍ॅलिऑथ म्हणतात. ऐंशीहून अधिक प्रकाशवर्षे दूर असलेला हा तारा सूर्यापेक्षा बराच उष्ण आहे. शास्त्रज्ञ ज्या ताऱ्यांना 'रासायनिकदृष्ट्या विलक्षण, चुंबकीय तारे' म्हणतात, त्या साऱ्यांत आपल्याला सर्वांत तेजस्वी दिसणारा तारा हाच. सुमारे पाच दिवसांच्या ठेक्याने त्याचा प्रकाश किंचित कमी-जास्त होतो. हा फरक इतका बारीक असतो की डोळ्यांना कळत नाही, तो यंत्रालाच कळतो.

अशा ताऱ्यांच्या जातकुळीला मात्र नाव मिळाले आहे ते दुसऱ्याच ताऱ्याचे. सप्तर्षींच्या शेपटीपासून दक्षिणेकडे पाहिले की एक मध्यम तेजाचा तारा एकटाच दिसतो. त्याला 'कोर कॅरोली' म्हणतात. अर्थ, चार्ल्सचे हृदय. इंग्लंडच्या ज्या पहिल्या चार्ल्स राजावर खटला चालवून 1649 साली त्याचा शिरच्छेद झाला, त्याला हुतात्मा ठरवणाऱ्यांनी सतराव्या शतकात हे नाव नकाशावर चढवले. एका ताऱ्यावर ऋषी, दुसऱ्यावर राजा. नावे देण्याचा हक्क कोणाकडे होता, हे यापेक्षा स्पष्ट कसे सांगावे?

आता दुसरी गोष्ट. या राजाच्या ताऱ्याचे वेगळेपण प्रथम कोणी नोंदवले? त्यासाठी अमेरिकेतील हार्वर्ड वेधशाळेत जावे लागेल. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिथे काचेच्या पट्ट्यांवर ताऱ्यांच्या प्रकाशाची छायाचित्रे घेतली जात. ताऱ्याचा प्रकाश लोलकातून गेला की रंगांचा पट्टा उमटतो आणि त्यात बारीक काळ्या रेषा दिसतात. प्रत्येक मूलद्रव्याच्या रेषा ठरलेल्या. रेषा वाचता आल्या की ताऱ्याच्या बाहेरच्या थरात काय काय आहे ते समजते. त्या रेषा वाचण्याचे डोळेफोडीचे काम संचालक एडवर्ड पिकरिंग यांनी स्त्रियांकडून करून घेतले. मजुरी बहुतेकींना तासाला 25 सेंटच्या आसपास. त्यांतील विल्यमिना फ्लेमिंग आधी पिकरिंग यांच्या घरी मोलकरीण होत्या. पुढे त्या नामांकित खगोलशास्त्रज्ञ झाल्या.

अँटोनिया मॉरी या त्यांच्यापैकीच एक, मात्र पदवीधर. 681 तेजस्वी ताऱ्यांच्या पट्ट्या त्यांनी तपासल्या. घाऊक वर्गवारी त्यांना पटेना. प्रत्येक रेषा किती जाड, किती धूसर, हे त्या टिपत राहिल्या. काम लांबले, संचालकांशी खटके उडाले. काम अर्धवट टाकून त्या निघून गेल्या, परत आल्या. पण एका मुद्द्यावर त्या हटल्या नाहीत. माझ्या कामाचे श्रेय मला मिळाले पाहिजे, असे त्यांनी लेखी कळवले. 1897 साली ग्रंथ निघाला तेव्हा त्याच्या मुखपृष्ठावर त्यांचे नाव होते. त्या वेधशाळेच्या ग्रंथमालेत स्त्रीचे नाव असे प्रथमच छापले गेले. त्याच ग्रंथात कोर कॅरोलीविषयी नोंद आहे, की या ताऱ्याच्या पट्टीत कॅल्शियमची एक ठळक रेषा असावी तशी नाही, फिकट आहे आणि सिलिकॉनच्या रेषा मात्र गडद आहेत. राजाच्या हृदयात काय आहे ते तासाच्या मजुरीवर काम करणाऱ्या स्त्रीने सांगितले!

मॉरी यांची बारकाईची वर्गवारी पिकरिंग यांनी पुढे बाजूला ठेवली. सोपी वर्गवारी रूढ झाली. पण डेन्मार्कच्या हर्ट्‌झस्प्रुंग यांनी मॉरी यांच्याच नोंदींच्या आधारे राक्षसी तारे आणि साधे तारे यांतील भेद ओळखला आणि हा भेद टाकून देणे म्हणजे देवमासा आणि मासा यांना एकाच रांगेत बसवणे, अशा आशयाचे पत्र पिकरिंग यांना लिहिले. न्यायालयात साक्षीदार किती मोठा यावर साक्ष तोलत नाहीत. उलटतपासणीत ती टिकली का, हे पाहतात. मॉरी यांची नोंद टिकली.

तिसरी गोष्ट शब्दाची. चौकटीत न बसणाऱ्या ताऱ्यांपुढे 'पी' हे अक्षर लावण्याची पद्धत पडली. 'पी' म्हणजे पेक्युलियर, म्हणजे विचित्र. ताऱ्यांवरून माणसांचे नियम काढणे हा धंदा दुसऱ्यांचा आहे, तो आम्ही करणार नाही. पण एखाद्याला 'विचित्र' म्हणून बाजूला काढले की त्याची चौकशी संपते, ही सवय तपासायला काय हरकत आहे? इथे ती संपली नाही, हे शास्त्राचे भाग्य. 1906 साली जर्मनीच्या लुडेनडॉर्फ यांना दिसले की कोर कॅरोलीच्या रेषा स्थिर नाहीत, बदलतात. 1913 साली रशियाच्या बेलोपोल्स्की यांनी बदलाचा ठेका मोजला, सुमारे साडेपाच दिवस. पाठोपाठ बर्लिनच्या गुथनिक आणि प्रागर यांनी प्रकाशविद्युत यंत्राने दाखवले की त्याच ठेक्यावर ताऱ्याची चमकही कमी-जास्त होते.

का? 1947 साली अमेरिकेच्या होरेस बॅबकॉक यांनी कन्या तारकासमूहातील अशाच एका ताऱ्याचे चुंबकीय क्षेत्र मोजून जाहीर केले. सूर्याखेरीज दुसऱ्या ताऱ्याचे चुंबकत्व मोजले गेले ते पहिल्यांदा. ज्या कन्या राशीच्या नावाने आजही आपल्याकडे लग्ने जमतात आणि मोडतात, तिथल्या ताऱ्याने सांगितले ते एवढेच. पृथ्वीचे चुंबकीय क्षेत्र अर्ध्या गॉसच्या आसपास. 1960 साली बॅबकॉक यांना सापडलेल्या एका ताऱ्याचे तर चौतीस हजार गॉस निघाले.

हळूहळू चित्र जुळले. हे तारे आपल्या जातीच्या इतर उष्ण ताऱ्यांपेक्षा सावकाश फिरतात. त्यांचा बाहेरचा थर शांत असतो, खळबळत नाही. चुंबकाचा अक्ष फिरण्याच्या अक्षाशी तिरका असतो. अशा शांत थरात एक निवड चालू होते. ती कशी, हे 1970 साली जॉर्ज मिशो यांनी मांडले. आपल्या आया-बहिणी सुपात धान्य पाखडतात तेव्हा काय होते? वारा ज्याला पकडतो ते भूस उडते, ज्याला पकडू शकत नाही तो दाणा सुपात राहतो. ताऱ्यात वाऱ्याच्या जागी आतून येणारा प्रकाश असतो. जे अणू तो प्रकाश अधिक शोषतात ते वर ढकलले जातात, बाकीचे खाली बसतात. क्रोमियम, स्ट्रॉन्शियम, युरोपियम यांसारखी द्रव्ये अशी वर येऊन साचतात. काही ताऱ्यांत युरोपियमसारखी दुर्मिळ द्रव्ये सूर्याच्या तुलनेत हजार पटींहूनही अधिक दिसतात. चुंबकीय क्षेत्रामुळे ती सगळीकडे सारखी पसरत नाहीत. त्यांचे पट्टे आणि डाग तयार होतात.

आणि या डागांची गंमत ऐका. डाग म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे काळिमा येतो. सूर्यावरचे डाग काळपटच दिसतात. या ताऱ्यांवरचे डाग मात्र बहुधा उजळ असतात! डागात साचलेले सिलिकॉन, लोह, क्रोमियम हे अतिनील प्रकाश अडवतात आणि ती अडलेली ऊर्जा आपल्या डोळ्यांना दिसणाऱ्या प्रकाशात बाहेर पडते. तारा फिरतो, डाग समोर येतो, चमक वाढते. डाग पलीकडे जातो, चमक उतरते. तारा आतून पेटत-विझत नाही. आपल्यापुढे त्याची कोणती बाजू आहे, एवढेच बदलते. साडेपाच दिवसांचा ठेका म्हणजे त्याची स्वतःभोवतीची एक फेरी.

यातील आणखी एक बाब आम्हांला मोलाची वाटते. हे सारे वेगळेपण फक्त वरच्या पातळ थरात आहे. आतला गाभा इतर ताऱ्यांसारखाच हायड्रोजन आणि हेलियमचा. शंभर वर्षांपूर्वी पट्टीवरच्या रेषा पाहून ज्याला विचित्र ठरवले, त्याचे पोट तपासल्यावर विचित्र काहीच निघाले नाही. अशा उष्ण ताऱ्यांत शंभरातील पाच ते दहा तारे तरी असे चुंबकीय असतात. म्हणजे विचित्र म्हणावे इतके ते थोडेही नाहीत.

यात आपल्या देशाचा वाटा आहे का? आहे. 1978 साली दक्षिण आफ्रिकेतून वेध घेताना डॉन कुर्ट्‌झ यांना आढळले की अशा काही ताऱ्यांचा प्रकाश अवघ्या काही मिनिटांच्या ठेक्यानेही थरथरतो. त्या काळी तिथे वर्णभेदी राजवट होती आणि भारताने 1946 पासूनच तिच्याशी व्यापार तोडलेला होता. 1993 साली दोन्ही देशांचे राजनैतिक संबंध पुन्हा जुळले. 1994 साली काळ्या-गोऱ्या सर्वांनी मतदान केले आणि ती राजवट संपली. त्यानंतर, 1997 साली, नैनितालच्या वेधशाळेतील व इस्रोतील भारतीय शास्त्रज्ञांनी आणि केपच्या शास्त्रज्ञांनी मिळून असे थरथरणारे तारे शोधण्याची मोहीम हाती घेतली. नैनितालच्या एक मीटर व्यासाच्या दुर्बिणीतून त्यांना साडेसात मिनिटांच्या आसपासच्या ठेक्याने थरथरणारा एक नवा तारा सापडला. मोहिमेचे नावच 'नैनिताल-केप'. वर्णभेदाची भिंत पडली नसती तर उत्तरेचे आणि दक्षिणेचे आकाश असे एका वहीत आले असते का?

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे येऊ. आज हे काम करायला स्वतःची दुर्बीणही लागत नाही. 2018 साली नासाने सोडलेला 'टेस' उपग्रह लाखो ताऱ्यांची चमक मोजत आला आहे आणि त्या मोजण्या सर्वांना मोफत खुल्या आहेत. 2015 साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात अशाच खुल्या नोंदी चाळून या जातीचे तीनशेहून अधिक बदलते तारे दाखवले गेले. ते काम करणाऱ्यांत पगारी प्राध्यापकांबरोबर हौशी निरीक्षकही होते. लागतो तो संगणक, थोडे गणित आणि मॉरी यांच्यासारखा चिवटपणा.

आमच्या अभ्यासिकेत मुले रात्री दोन-दोन वाजेपर्यंत स्पर्धा परीक्षांची पुस्तके घोकतात. घोकू द्यावीत, नोकरी लागली पाहिजे. पण त्या टेबलांच्या रांगेत एखादी खुर्ची निव्वळ शोधासाठी का असू नये? वैज्ञानिक दृष्टिकोन बाळगणे हे संविधानाच्या कलम 51-क ने प्रत्येक नागरिकाचे कर्तव्य ठरवले आहे. ते कर्तव्य भाषणात सांगून पार पडत नाही. त्यासाठी कोणाला तरी रात्र जागवून आकडे तपासावे लागतात.

ताऱ्याला आपले नाव लागले नाही म्हणून, बाळ, खंत करू नकोस. ऋषीचे नाव लागून अंगिरा पवित्र झाला नाही, राजाचे नाव लागून कोर कॅरोली मोठा झाला नाही. त्या ताऱ्यांबद्दल जे खरे कळले, ते नोंद करणाऱ्यांनी कळवले. तू नोंद कर. आणि खाली स्वतःचे नाव लिहायला विसरू नकोस.

जयंतीनंतर अभ्यासिकेतील जुन्या संगणकाला आम्ही इंटरनेट जोडून दिले आहे. पहिला तारा तिनेच निवडला. अंगिरा.