हिमालय ओलांडून कुंभारगावात

पहाटे साडेपाच. पहिला फोन पुण्याच्या गाडीचा : "दादा, भिगवणला आलोय, लोकेशन टाका." होडीवाला कानटोपी चढवून निघतो. जानेवारी आहे, थंडी झोंबते. इंदापूर तालुक्यातलं कुंभारगाव उजनीच्या पाणफुगवट्याला लागून आहे. धरण १९८० साली पुरं झालं, भीमाकाठच्या जमिनी पाण्याखाली गेल्या आणि मासेमारी वाढली. आता त्याच मासेमारांची पोरं गळ्यात दुर्बीण अडकवून गाइड झाली आहेत.

साडेसहा. लाइफ जॅकेटं वाटून होतात, होडी सुटते आणि ठरलेला प्रश्न येतो : "फ्लेमिंगो दिसतील ना?" ते पाण्यावर ठरतं. रोहित पक्ष्याला उथळ पाणी लागतं. धरण काठोकाठ भरलेलं राहिलं की तो दुसरीकडे वळतो. म्हणून पाऊस चांगला झाला की अख्खा तालुका खूश आणि गाइड मात्र जरा काळजीत.

साडेसात. रोहित दिसले, फोटो झाले. त्यांच्यावर पुष्कळ लिहून झालंय.

आठ. इंजिन बंद. होडी बांबूने रेटत काठाकडे न्यायची. तिथे राखाडी रंगाचा थवा बसलेला असतो. पांढऱ्या डोक्यावर दोन काळे पट्टे. हे पट्टकादंब. रात्री शेतात चरून आले आहेत, आता विसावा. "बदकं का ही?" असं विचारून पाहुणे कॅमेरे खाली ठेवतात.

"बदकं न्हाईत सर, हे एव्हरेस्टवरनं येत्यात," होडीवाला सांगतो.

यात थोडी भर आहे, पण फार नाही. तिबेट, मंगोलियातल्या तळ्यांकाठी हे पक्षी वीण करतात आणि हिवाळ्यात हिमालय ओलांडून भारतात उतरतात. १९५४च्या एप्रिलमध्ये लॉरेन्स स्वान हा अमेरिकी जीवशास्त्रज्ञ मकालू शिखराच्या पायथ्याशी, बरुण हिमनदीजवळ होता. थंड, निवांत रात्री त्याला डोक्यावरून जाणाऱ्या याच पक्ष्यांची हाक ऐकू आली. मकालू म्हणजे ८,४८५ मीटर, एव्हरेस्टचा शेजारी. पुण्याच्या 'गिरिप्रेमी'ची मोहीम २०१४ साली तिथे गेली, तेव्हा वाटेत छावण्या टाकत, विरळ हवेची सवय करत चढावं लागलं. पक्ष्याला ती सोय नाही. त्याच्या रक्तातलं हिमोग्लोबिनच विरळ हवेतून ऑक्सिजन पटकन ओढून घेतं.

स्वानच्या त्या रात्रीपासून पक्षी थेट शिखरावरून जातात अशी कथा पसरली. पुढे त्यांच्या अंगावर ट्रान्समीटर लावून माग काढला गेला. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात सर्वांत जास्त उंची भरली ७,२९० मीटर. बाकीची उड्डाणं बहुतेक त्याहून बरीच खाली, दऱ्याखिंडींतून, अनेकदा रात्री किंवा भल्या पहाटे. गार हवा दाट असते, पंखांना आधार मिळतो. डोंगर चढला की पक्षी चढतो, उतरला की उतरतो. शिखर टाळून खिंड शोधणारा हा पक्षी मला कथेतल्यापेक्षा शहाणा वाटतो.

साडेदहा. काठावर परत. भाकरी आणि चिलापी फ्राय. चिलापीही बाहेरचीच, आफ्रिकेतली. पण ती आली ती राहिलीच.

दुपार. होडीतलं पाणी उपसणं, जाळं सांधणं, शनिवार-रविवारचं बुकिंग. बारामतीहून कॉलेजची पोरं येतात, दर कमी करा म्हणून घासाघीस करतात.

चार. दुसरी फेरी. मोठ्या लेन्सचे साहेब थवा दिसताच म्हणतात, "जरा उडवा की, उडतानाचा फोटो पाहिजे." शंभराची नोट पुढे येते. काही होडीवाले घेतात. घर चालवायचं असतं, त्यांना एकट्यांना दोष देऊन भागत नाही. आमचा होडीवाला बांबू चिखलात रोवून थांबतो. "आपसूक उडतील सर, थांबू."

सव्वासहा. थवा आपणहून उठतो आणि चरायला शेतांकडे वळतो. साहेबांना फोटो मिळतो.

विनाकारण उडवलेल्या प्रत्येक वेळी पक्ष्याची चरबी खर्च होते, आणि मार्चच्या सुमारास त्याला तोच हिमालय पुन्हा ओलांडायचा असतो. तेव्हा कुंभारगावला गेलात तर सकाळची पहिली होडी घ्या, "उडवा" म्हणू नका, आणि न उडवणाऱ्या होडीवाल्याला ठरल्यापेक्षा थोडे जास्त पैसे द्या.